गिऱ्हाईक विचारतं त्या शब्दांत: वेबसाइटचा जुना मजकूर शोधणाऱ्यांपर्यंत कसा पोचवायचा

नाशिकच्या भांडी बाजारातल्या एका तांब्या-पितळेच्या दुकानात गल्ल्याशेजारी स्टूल टाकून मी एक अख्खी दुपार बसलो होतो. दुकानाच्या वेबसाइटचं काम माझ्याकडे आलं होतं. साइट दिसायला चांगली होती. समईचा मोठा फोटो आणि खाली ‘परंपरा, विश्वास आणि गुणवत्ता यांचा त्रिवेणी संगम’. मालकांचं, म्हणजे काकांचं, म्हणणं एवढंच होतं की गूगलवरून कुणी येत नाही.

मी वहीत गिऱ्हाइकांचे प्रश्न लिहीत गेलो. ‘काका, पितळी पातेल्यात आमटी केली तर चालते का हो?’ ‘कल्हई करून देता का? किती दिवसांत?’ ‘जुनी मोड घेता का, काय भावानं?’ ‘गंगेचं पाणी न्यायला झाकणाचा गडू आहे का?’ ‘बंब किलोवर की नगावर?’ घरी येऊन साइटवर हे शब्द शोधले. कल्हई नव्हती, मोड (म्हणजे मोडीत घातलेली जुनी भांडी) नव्हती, गडू नव्हता, भावाबद्दल अवाक्षर नव्हतं. त्रिवेणी संगम तेवढा तीन पानांवर होता.

शोधणारा माणूस गूगलमध्ये जे टाकतो ते साधारण गल्ल्यावरच्या प्रश्नासारखंच असतं. आपण साइटवर लिहितो ते मात्र उद्घाटनाच्या भाषणासारखं. म्हणून नव्या पन्नास पोस्ट लिहायच्या आधी असलेली दहा पानं प्रश्नांच्या भाषेत आणा, असं मी प्रत्येकाला सांगतो. ते कसं करायचं ते पुढे लिहिलंय. उदाहरण भांड्यांच्या दुकानाचंच ठेवलंय. तुमचा द्राक्षरोपांचा धंदा असो, येवल्याच्या पैठणीचा असो की त्र्यंबकेश्वर-वणी-शिर्डी गाडी सोडण्याचा, कामाचा क्रम तोच राहतो.

आधी दार उघडं आहे का ते बघा

मजकुराला हात लावण्याआधी दहा मिनिटं यावर घाला. गूगलच्या शोधचौकटीत इंग्रजीत ‘साइट’ हा शब्द, लगेच कोलन आणि जागा न सोडता तुमचा वेब पत्ता टाका. तुमची जी पानं गूगलच्या वहीत चढली आहेत ती साधारण समोर येतील. एकही येत नसेल तर लेखनशैलीवर विचार करण्यात अर्थ नाही. साइट वर्डप्रेस या साइट बांधायच्या साधनावर असेल तर सेटिंग्जमधल्या ‘रीडिंग’ विभागात जा. सर्च इंजिनांनी ही साइट नोंदवू नये, अशी विनंती करणारी एक चौकट तिथे असते. साइट बांधणारा बांधताना तिच्यात टिकची खूण करतो आणि ती काढायची विसरतो. हे मी एकदा नाही, अनेकदा पाहिलंय.

मग गूगल सर्च कन्सोल जोडा. तुमची पानं गूगलवर कुठल्या शब्दांना, किती वेळा दिसली ते दाखवणारं हे गूगलचंच साधन. फुकट आहे, आणि जाहिरात लावायची अटही नाही. साइट तुमचीच आहे हे सिद्ध करायला डोमेन जिथून घेतलं तिथे एक ओळ चिकटवावी लागते. जमलं नाही तर साइटवाल्याला सांगा, पण खातं स्वतःच्या ईमेलवर घ्या. ‘आमच्याकडे आहे, आम्ही बघतो’ म्हणणाऱ्याच्या ताब्यात ते ठेवू नका. उद्या त्याच्याशी बिनसलं तर आकडेही त्याच्याबरोबर जातात. सर्च कन्सोल १६ महिन्यांपर्यंतचे आकडे दाखवतं. म्हणजे गेल्या दिवाळीची यंदाच्या दिवाळीशी तुलना करता येते. धनत्रयोदशीवर वर्षाचं गणित असलेल्या धंद्याला यापेक्षा काय हवं.

मराठी साइटांचा जुना रोग: फॉन्ट

इंग्रजीतल्या मार्गदर्शक लेखांत ही गोष्ट सापडणार नाही, कारण तिकडे हा त्रासच नाही. आपल्याकडची छापखान्याची कामं वर्षानुवर्षं अशा फॉन्टांत झाली जे युनिकोड, म्हणजे प्रत्येक अक्षराला सगळ्या संगणकांवर एकच ठरलेला क्रमांक देणारी पद्धत, पाळत नाहीत. त्यात पडद्यावर ‘कल्हई’ दिसतं, पण आत इंग्रजी अक्षरं आणि चिन्हांची खिचडी असते. फॉन्ट त्या खिचडीला मराठी मुखवटा चढवतो. वेबसाइट करताना जुनं माहितीपत्रक तसंच डकवलं जातं किंवा त्याची पीडीएफ चढवली जाते. आपल्याला मराठी दिसतं, गूगलला खिचडी.

तपासणी सोपी आहे. पानावरचा एखादा परिच्छेद कॉपी करून व्हॉट्सॲपवर स्वतःलाच पाठवा. मराठी मराठीच राहिलं तर ठीक. भलतीच अक्षरं आली तर तो मजकूर शोधाच्या दृष्टीने अस्तित्वातच नाही. आणि कॉपीच होत नसेल तर ते चित्र आहे. भांड्यांच्या दुकानाची अख्खी दरसूची कोरल या चित्रं आखायच्या सॉफ्टवेअरमध्ये बनवलेलं एक देखणं चित्र होतं. चित्रातलं लिखाण गूगल कधीकधी वाचतं, पण त्याच्या भरवशावर दुकान चालवू नका.

रूपांतर करणारी साधनं मिळतात, त्यांनी वेळही वाचतो. पण नंतर एका माणसाने बोट ठेवून वाचायलाच हवं. ऱ्हस्व वेलांटी पुढच्या अक्षरावर जाऊन बसते, रफार सरकतो, जोडाक्षरं फुटतात. ‘निर्मिती’चं काय होऊ शकतं ते एकदा बघाच.

युनिकोडमध्येही एक बारीक भोक आहे. ‘वाऱ्यावर’मधला तो चंद्रकोरीसारखा र दोन पद्धतींनी टंकता येतो: एकात नुक्त्याचा ऱ आणि हलन्त, दुसऱ्यात साधा र, हलन्त आणि मध्ये एक न दिसणारं जोडचिन्ह. डोळ्याला दोन्ही सारखे, संगणकाला वेगळे. ‘ॲप’मधल्या ॲचंही तसंच. तो एकसंध अक्षर म्हणून येतो, किंवा अ आणि वर वेगळा चंद्र असा. गूगल यातलं बरंच सांभाळून घेतं. पण तुमच्या स्वतःच्या साइटवरची शोधचौकट बहुधा घेत नाही. ‘गिऱ्हाईक’ टाकून काहीच सापडत नाही म्हणून माणूस परत जातो. एकच कीबोर्ड ठरवा आणि सगळ्यांनी त्यावरच टंका.

शब्द गोळा करा: गल्ल्यावरून, फोनवरून, मग गूगलवरून

लोक या कामाला ‘कीवर्ड रिसर्च’ म्हणतात आणि थेट एखादं साधन उघडतात. मराठीसाठी, त्यातही एका शहरापुरत्या धंद्यासाठी, ही साधनं बऱ्याचदा शून्य दाखवतात. याचा अर्थ कुणी शोधत नाही असा नाही. त्यांच्या मोजपट्टीवर ते भरत नाही एवढंच.

सुरुवात वहीने करा. आठवडाभर फोनवर आणि दुकानात आलेले प्रश्न जसेच्या तसे लिहा. शुद्ध करू नका. गिऱ्हाईक ‘रेट’ म्हणालं तर ‘रेट’च लिहा. मग दुकानाच्या व्हॉट्सॲपवर ‘आहे का’, ‘मिळेल का’, ‘किती’ असे शब्द शोधा. वर्षभराचे प्रश्न पुढ्यात येतात. माझ्या अनुभवात यासारखी खाण दुसरी नाही.

त्यानंतर गूगल. मोबाइलवर ‘तांब्याचा’ एवढंच टंका आणि थांबा. खाली सुचणाऱ्या ओळी वहीत घ्या. मग ‘पितळी भांडी’, मग ‘कल्हई’. निकालांमध्ये लोक आणखी काय विचारतात त्याची एक चौकट दिसते, तिच्यातले प्रश्नही टिपा. सर्च कन्सोल जोडून महिना झाला असेल तर ‘परफॉर्मन्स’मध्ये कुठल्या शब्दांवर तुमचं पान दिसलं ते कळतं. फार कमी लोकांनी शोधलेले शब्द गूगल खासगीपणासाठी लपवतं, तेव्हा यादी पूर्ण असेल असं समजू नका.

आता वही उघडून बघा, तिच्यात चार प्रकारची गंमत दिसेल.

पहिली, विभक्तीची. इंग्रजीत शब्द फारसा हलत नाही, आपला शब्द प्रत्यय लागला की रूप बदलतो. तांबं या धातूचं ‘तांब्याचा’ होतं. पाणी प्यायच्या तांब्याचंही ‘तांब्याचा’च होतं. तांब्याचा तांब्या आणि तांब्याचं झाकण, यात धातू कुठला आणि भांडं कुठलं हे आपल्याला संदर्भाने कळतं. संदर्भ म्हणजे आजूबाजूची वाक्यं. म्हणून पानावर नुसती वस्तूंची नावं टांगून ठेवू नका, पूर्ण वाक्यं लिहा. नाशिक, नाशिकमध्ये, नाशिकच्या, नाशकात ही रूपं ओघात आपोआप येतात, मुद्दाम कोंबावी लागत नाहीत.

दुसरी, एका शब्दाच्या दोन अर्थांची. ‘बंब’ शोधला तर आग लागल्याच्या बातम्या येतात, अग्निशमन दलाचे बंब घटनास्थळी दाखल. त्यामुळे पानाचं नाव नुसतं ‘बंब’ ठेवून भागत नाही. ‘पाणी तापवायचा तांब्याचा बंब’ असं लिहिलं की गूगलचाही गोंधळ मिटतो आणि पुण्यामुंबईत वाढलेल्या सुनेचाही.

तिसरी, आपल्या गावच्या बोलीची. आपण नाशिककर गोदावरीला सर्रास गंगा म्हणतो. ‘गंगेवर जाऊन येतो’ म्हणजे रामकुंडाकडे. पण जळगावहून किंवा इंदूरहून येणारा शोधताना ‘गोदावरीचं पाणी’ टंकतो आणि नुसतं ‘गंगाजल’ म्हटलं की त्याला हरिद्वार आठवतं. म्हणून गडूच्या पानावर दोन्ही लिहिलं: ‘रामकुंडावरचं गोदावरीचं पाणी, म्हणजे आपण नाशिककर म्हणतो ती गंगा, घरी न्यायला झाकणाचा तांब्याचा गडू.’ वाचायला साधं वाक्य, पण त्याने दोन गावांच्या बोली जोडल्या.

चौथी, लिपीची. कितीतरी माणसं मराठीच शोधतात, पण इंग्रजी अक्षरांत टंकून. शिवाय नाशिकचं इंग्रजी स्पेलिंग एच घालून आणि न घालता, दोन्ही तऱ्हांनी चालतं. यावर उपाय म्हणून पानाच्या तळाशी सगळ्या स्पेलिंगांचा ढिगारा ओतणारे आहेत. तो करू नका. त्याला शब्दांची भरताड म्हणतात आणि गूगलच्या नियमांत ती दोषच आहे. दुकानाचं नाव आणि पत्ता इंग्रजीतही एकदा नीट लिहा. इंग्रजी वाचणारं गिऱ्हाईक खरोखरच येत असेल तर त्याच्यासाठी वेगळं पूर्ण पान करा. तसंच हिंदीचं. त्या पानांना ‘हे याचंच मराठी रूप, हे हिंदी’ असं सांगणारी एचरेफलँग नावाची खूण लावायला साइटवाल्याला सांगा, आणि प्रत्येक पानाची भाषा कोडमध्ये नीट नोंदवली आहे ना तेही बघायला लावा. मराठी पान यंत्राने हिंदीत करून न वाचता चढवलं तर मात्र हसं होतं. ‘मोड’चं हिंदीत वळण झालेलं मी स्वतः पाहिलंय.

प्रश्नांची वाटणी

वहीतल्या प्रत्येक प्रश्नापुढे एक खूण करा. माणसाला नुसतं जाणून घ्यायचंय, विकत घ्यायचंय, की दुकानात यायचंय? ‘पितळी पातेल्यात आमटी चालते का’ हे जाणून घेणं. ‘तांब्याचा बंब किंमत’ हे घेणं. ‘कल्हई करणारे नाशिक’ म्हणजे तो पातेलं पिशवीत घालून निघालाच आहे.

एका मोठ्या प्रश्नाला एक पान. कल्हईबद्दलचे पाच उपप्रश्न एकाच पानावर बसतात, त्यांची पाच पानं करू नका. उलट साइटवर आधीच एका विषयाची तीन पातळ पानं असतील तर ती एकत्र करा, सगळ्यात बऱ्या पानावर सगळं आणा आणि उरलेल्या दोन पत्त्यांवरून तिकडे कायमचं वळण द्या. तांत्रिक भाषेत त्याला ३०१ रिडायरेक्ट म्हणतात. पान नुसतं पुसून टाकलं तर त्याने कमावलेलं सगळं वाया जातं.

एक पान जवळून

भांड्यांच्या साइटवर ‘आमच्या सेवा’ नावाचं पान होतं. त्यातला कल्हईचा मजकूर असा होता:

‘आम्ही ग्राहकांच्या गरजा लक्षात घेऊन उच्च दर्जाच्या कल्हई सेवा अत्यंत वाजवी दरात उपलब्ध करून देतो. ग्राहकांचे समाधान हेच आमचे ध्येय.’

यात शोधणाऱ्याला मिळालं काय? कल्हई होते एवढंच. काकांना मी म्हटलं, गिऱ्हाइकाला जे सांगता तेच मला सांगा. त्यांनी जे सांगितलं ते जवळजवळ तसंच उतरवलं:

‘पितळी किंवा तांब्याच्या भांड्यात आमटी, कढी, चिंचेचं सार असं आंबट शिजवायचं असेल तर आतून कल्हई हवीच. आंबटाने धातू अन्नात उतरतो. कल्हई म्हणजे भांडं तापवून, नवसागराने साफ करून, आतून फिरवलेला कथलाचा पातळ थर. आतली पांढरट झाक जाऊन पिवळा किंवा तांबूस धातू दिसायला लागला की पुन्हा करून घ्या. रोज वापरातलं आणि तारेच्या घासणीने घासलेलं भांडं लवकर उघडं पडतं. भांडं दुकानात आणून द्या, आम्ही तारीख देतो. पैसे भांड्याच्या आकारावर.’

यात ‘उत्कृष्ट’ नाही, ‘अग्रगण्य’ नाही. पण वहीतल्या चार प्रश्नांची उत्तरं आहेत आणि ती पहिल्या परिच्छेदात आहेत. प्रस्तावना, इतिहास, आजोबांनी दुकान कधी काढलं हे सगळं खाली ठेवा. ज्याला वाचायचं तो वाचतो. आजोबांची गोष्ट काढू मात्र नका. दुकान खरं आहे आणि माणसाला यातलं कळतं हे त्यातूनच दिसतं. गूगल ज्यांच्याकडून निकालांचा दर्जा तपासून घेतं त्या तपासनिसांच्या सूचनांत डिसेंबर २०२२ मध्ये ‘प्रत्यक्ष अनुभव’ हा निकष जोडला गेला. कल्हईची भट्टी पेटवणाऱ्याकडे तो आहेच, फक्त साइटवर उतरवायचा राहिलाय.

पानाचं शीर्षक, म्हणजे शोधनिकालात निळ्या अक्षरांत येतं ते, आधी ‘आमच्या सेवा – मुख्यपृष्ठ’ होतं. ते ‘पितळी-तांब्याच्या भांड्यांना कल्हई, भांडी बाजार, नाशिक’ असं केलं. लांबीचा ठराविक नियम नाही, पण मोबाइलवर शेवट कापला जातो, म्हणून कामाचे शब्द आधी आणि दुकानाचं नाव शेवटी. गूगलला आवडलं नाही तर ते शीर्षक बदलूनही दाखवतं. त्यावर चिडू नका, पानावरचं मोठं मथळ्याचं वाक्य आणि शीर्षक एकमेकांशी जुळतंय का ते पाहा.

शीर्षकाखालचं दोन ओळींचं वर्णन क्रमवारीत मोजलं जात नाही, पण क्लिक करायचं की नाही हे माणूस त्यावरून ठरवतो. त्यात दुकानाची वेळ आणि सुट्टीचा वार घाला. आणि ‘कीवर्ड्स’ नावाच्या त्या लपलेल्या चौकटीत शंभर शब्द भरण्याचे पैसे कुणी मागत असेल तर हात जोडा. गूगलने २००९ मध्येच जाहीर केलंय की आपण ती वाचत नाही.

भावाचं काय? काकांचा ठाम विरोध होता. ‘तांब्याचा भाव रोज हलतो, उद्या गिऱ्हाईक पान दाखवून भांडेल.’ त्यांचं चूक नव्हतं. तोडगा असा निघाला: वजनावर विकतो हे लिहायचं, घडणावळ वेगळी पडते ते लिहायचं, तीन मापांच्या बंबांचं साधारण वजन द्यायचं आणि ‘आजच्या भावासाठी फोन करा’ म्हणून नंबर. किंमत शोधणाऱ्याला हिशेब कसा होतो ते कळलं की तो फोन करतो. आकडा नसला तरी ते उत्तरच आहे.

फोटो, वेग आणि इतर किरकोळ

फोनवरून काढलेला फोटो तसाच चढवला तर पान उघडेपर्यंत चहा होतो. गूगल आता मोबाइलवरचं पानच प्रमाण धरतं. मुख्य मजकूर २.५ सेकंदांच्या आत दिसावा, बोट टेकवल्यावर २०० मिलिसेकंदांत प्रतिसाद यावा आणि वाचताना पान उड्या मारू नये, एवढी अपेक्षा आहे. यातला मोठा भाग नुसते फोटो लहान करून आणि त्यांची रुंदी-उंची कोडमध्ये नोंदवून सुटतो. पेजस्पीड इनसाइट्स या वेग मोजणाऱ्या गूगलच्या साधनावर पान टाकून बघा, पण शंभरपैकी शंभरच्या मागे लागू नका. निफाडच्या बांधावर उभा असलेला माणूस आपल्या फोनवर पान उघडू शकतो का, ही माझी कसोटी.

फोटोला पर्यायी वर्णन द्या, ‘आतून नवी कल्हई केलेलं पितळी पातेलं’ असं, दिसतं तेच. ते मुळात न दिसणाऱ्यांसाठी आहे. गूगलला उपयोग होतो तो वरकड.

एका पानावरून दुसऱ्या पानावर नेताना ‘इथे क्लिक करा’ ऐवजी ‘कल्हई किती दिवस टिकते’ अशा शब्दांना दुवा द्या. पानाचा पत्ता मराठी अक्षरांत ठेवला तरी गूगलला चालतं, पण कॉपी करून पाठवला की टक्क्यांच्या चिन्हांचा हातभर लांब साप होतो. मी लहान इंग्रजी अक्षरांत ठेवतो. मात्र चालू पानाचा पत्ता निव्वळ हौसेखातर बदलू नका.

प्रश्नोत्तरांचा खास कोड लावून निकालात जास्त जागा मिळवून देतो, असं अजूनही विकलं जातं. ती सोय ऑगस्ट २०२३ मध्ये गूगलने मोजक्या सरकारी आणि आरोग्यविषयक साइटांपुरती ठेवली. प्रश्नोत्तरं जरूर लिहा, वाचणाऱ्यासाठी. कोडाचे पैसे वाचवा.

दुकान नकाशावर

‘यायचंय’वाल्या शोधांमध्ये नकाशाची चौकट वर येते. तिथे वेबसाइटपेक्षा गूगल बिझनेस प्रोफाइल, म्हणजे गूगलच्या नकाशावरची दुकानाची नोंद, चालतं, म्हणून तेही हाताळा. नावात फक्त दुकानाचं नाव घाला, पाटीवर आहे तेवढंच. ‘नाशिकमधील सर्वोत्तम तांबे पितळ होलसेल’ असं शेपूट जोडलं तर प्रोफाइल बंद पडायची वेळ येऊ शकते. प्रकार नीट निवडा, सुट्टीचे दिवस भरा. साइटवरचा पत्ता आणि इथला पत्ता अक्षर न् अक्षर सारखा ठेवा. जुन्या नाशकातल्या बोळांत नकाशाची टाचणी चुकली की माणूस भलत्याच वाड्यात शिरतो, तेव्हा टाचणी स्वतः जागेवर उभं राहून तपासा. गाडी कुठे लावायची हेही साइटवर लिहा. भांडी बाजाराच्या गल्लीत यायचं तर गिऱ्हाइकाचा तो पहिला प्रश्न असतो, आणि मी वहीत तो लिहायलाच विसरलो होतो. काकांच्या सुनबाईंनी आठवण केली.

अभिप्राय विकत घेऊ नका. गिऱ्हाइकाला तोंडाने सांगा, ‘गूगलवर दोन शब्द लिहा.’ लोक लिहितात, आणि लिहिताना कल्हई, बंब, गडू हे शब्द त्यांचे तेच वापरतात.

सण आणि सिंहस्थ

पान सणाच्या आदल्या आठवड्यात टाकून चालत नाही. धनत्रयोदशीच्या भांडीखरेदीचं पान गणपतीच्या सुमारास तयार पाहिजे, रुखवताच्या भांड्यांचं तुळशीच्या लग्नाच्या आधी. आणि पत्त्यात साल घालू नका. ‘धनत्रयोदशी २०२४’ असं पान केलं की पुढच्या वर्षी पुन्हा शून्यापासून सुरुवात. एकच कायमचा पत्ता ठेवा आणि दर वर्षी आतला मजकूर ताजा करा. फक्त तारीख बदलणं म्हणजे ताजं करणं नव्हे.

सिंहस्थाचंही तेच. मागचा सिंहस्थ २०१५ मध्ये झाला आणि पुढच्याची मुख्य स्नानं २०२७ मध्ये आहेत. नाशिकमध्ये ज्याचं दुकान, लॉज किंवा गाडी आहे त्या प्रत्येकाला ‘कुंभमेळा’ शब्द पानावर हवासा वाटणार. पण स्नानाच्या तारखांचं पान तुम्ही लिहून काय होणार? ते सरकारी साइटी आणि वर्तमानपत्रं लिहितील, तीच वर असतील. तुम्ही लिहा ते फक्त तुम्हाला ठाऊक असलेलं. रामकुंडावरून दुकानापर्यंत चालत किती वेळ लागतो, गडूचं झाकण रेल्वेत गळू नये म्हणून कसं पक्कं करून देता, गर्दीच्या दिवसांत दुकान किती वाजता उघडाल.

याला आणखी एक कारण आहे. ऑगस्ट २०२४ पासून भारतातही गूगल काही शोधांना वरच्या वर यंत्राने लिहिलेलं उत्तर दाखवू लागलंय. ‘कल्हई म्हणजे काय’ एवढंच लिहिलेल्या पानाची गरज त्यामुळे कमी झाली. यंत्राला काकांच्या भट्टीचा फोटो काढता येत नाही. पातेलं केव्हा परत मिळेल ते सांगता येत नाही. असा मजकूर वाढवा. आणि त्याच यंत्राकडून शंभर पानं लिहून घेऊन साइटवर ओतायचा मोह झाला तर मार्च २०२४ मधला गूगलचा नियम लक्षात ठेवा. केवळ क्रमवारीसाठी घाऊक प्रमाणात केलेला मजकूर, मग तो माणसाने लिहिलेला असो की यंत्राने, स्पॅम धरला जातो.

बदलानंतर काय बघायचं

पान बदललं की सर्च कन्सोलमध्ये वरच्या पट्टीत त्याचा पत्ता टाकून नव्याने नोंदवण्याची विनंती करा. एकदाच. रोज बटण दाबून काही होत नाही. वहीत तारीख, कुठलं पान आणि काय बदललं ते लिहा. सगळी दहा पानं एका रात्रीत बदलू नका. आकडे हलले तर कशाने हलले ते कळायचं नाही. आठवड्याला दोन पानं पुरेत.

मग महिनाभर थांबा. थांबणं हा या कामातला सगळ्यात अवघड भाग आहे, आणि याच काळात ‘१५ दिवसांत पहिल्या पानावर, गॅरंटी’वाल्यांचे फोन येतात. काकांनी माझ्याआधी अशा एकाला वर्षाचे पैसे आगाऊ दिले होते. त्याने पहिलं आणून दाखवलं ते दुकानाचं स्वतःचं नाव, जे तसंही पहिलंच येत होतं. पहिल्या क्रमांकाची हमी कुणीच देऊ शकत नाही, हे गूगल स्वतः सांगतं.

महिन्याने त्या एकाच पानाची गाळणी लावून आकडे बघा. समजा ‘कल्हई नाशिक’वर पान १२०० वेळा दिसलं आणि क्लिक ९ झाले. सरासरी जागा तिसरी-चौथी असेल तर मजकूर ठीक आहे, शीर्षक आणि वर्णन माणसाला बोलावत नाहीयेत, ते बदला. सरासरी जागा पंचविसावी असेल तर शीर्षकाशी खेळून उपयोग नाही. वर आलेली पानं उघडून वाचा, तुमच्याकडे काय नाही ते बघा. आणि भलत्याच शब्दावर पान दिसत असेल, म्हणजे बंबाच्या पानावर अग्निशमनवाले येत असतील, तर संदर्भाची वाक्यं कमी पडली आहेत.

तुलना मागच्या महिन्याशी नको, मागच्या वर्षीच्या त्याच दिवसांशी करा. दिवाळीनंतर भांड्यांचा शोध उतरतोच, त्यात तुमच्या पानाचा दोष नसतो. तरी कार्तिकात काकांचा फोन आलाच, ‘अहो, गूगल पडलं का?’ सोळा महिन्यांचा आलेख दाखवल्यावर शांत झाले. मग म्हणाले, फोन करणारे हल्ली सारखं एकच विचारतात, तांब्याच्या बाटलीत लिंबू सरबत ठेवलं तर चालतं का. मी वही काढली.